कोटीच्या पुढची मोजदाद

‘एक कोटी पाच लाख’ आणि ‘पाच लाख कोटी’. शब्द जवळपास तेच, फक्त जागा बदललेल्या. पहिल्या रकमेत मोठ्या शहरात एखादा बरा फ्लॅट मिळेल. दुसरी रक्कम राज्य सरकारच्या हिशेबातली आहे. महाराष्ट्राचा वार्षिक अर्थसंकल्प अलीकडे हा टप्पा ओलांडून गेला आहे. दोन्ही रकमांमधले अंतर सुमारे पावणेपाच लाख पटींचे आहे, पण बातम्या ऐकताना ते कानाला फारसे जाणवत नाही.

मराठीत संख्या बोलण्याचा एक अलिखित नियम आहे. शाळेत तो कोणी वेगळा शिकवत नाही, तरी चार वर्षांचे पोरही तो पाळते. मोठे एकक आधी आणि लहान नंतर आले की बेरीज करायची. एक कोटी पाच लाख म्हणजे कोटीत पाच लाख मिळवायचे. लहान संख्या आधी आणि मोठे एकक नंतर आले की गुणाकार करायचा. तीनशे म्हणजे तीन गुणिले शंभर, तीन हजार म्हणजे तीन गुणिले हजार. याच नियमाने लाख कोटी म्हणजे लाख गुणिले कोटी, एकावर बारा शून्ये. मात्र ‘लाख’ हा शब्द आपण इतकी वर्षे रकमेचे नाव म्हणून ऐकत आलो आहोत, की तो गुणाकाराचा हुकूम म्हणून आला तरी मन त्याला रक्कमच समजते. ‘दीड लाख कोटी’ ऐकणाऱ्याच्या डोक्यात आधी दीड लाख उमटतात. कोटी मागून शेपटासारखे येतात.

खरे तर या संख्येसाठी आपल्याकडे स्वतंत्र नाव होते. भास्कराचार्यांनी शके १०७२ मध्ये, म्हणजे इ. स. ११५० मध्ये, सिद्धांतशिरोमणी पुरा केला. त्यातल्या लीलावतीच्या सुरुवातीलाच त्यांनी संख्यास्थानांची अठरा नावे दिली आहेत : एक, दश, शत, सहस्र, अयुत, लक्ष, प्रयुत, कोटी, अर्बुद, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी, अंत्य, मध्य आणि परार्ध. प्रत्येक नाव आधीच्याच्या दसपट. लाख कोटी म्हणजे या यादीतले महापद्म. भास्कराचार्यांचा महाराष्ट्राशी संबंध ऐकीव नाही. चाळीसगावजवळच्या पाटण येथे त्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा शिलालेख आहे. तो उजेडात आणला डॉ. भाऊ दाजी लाड यांनी.

आज आपण या अठरांतली मोजकीच नावे वापरतो. अयुत गेले, त्याच्या जागी दहा हजार आले. प्रयुत गेले, दहा लाख किंवा दशलक्ष आले. अर्बुद संख्या म्हणून गेले आणि वैद्यकाच्या पुस्तकात गाठीचे नाव म्हणून उरले. हजारानंतर आपण शंभराशंभराच्या ढांगा टाकू लागलो : हजार, लाख, कोटी. मधल्या पायऱ्यांना ‘दहा’ किंवा ‘दश’ जोडून भागवले. आपला स्वल्पविरामही याच चालीने पडतो, आधी तीन अंकांनंतर आणि मग दोन-दोन अंकांनंतर. कोटीनंतर ‘अब्ज’ अजून तग धरून आहे, पण तेही लोकसंख्येच्या आणि ग्रहताऱ्यांच्या लेखांतच. पैशाच्या व्यवहारात कोणी ‘दोन अब्ज रुपये’ म्हणत नाही, ‘दोनशे कोटी’च म्हणतात. कोटी ही आपली शेवटची चालती पायरी. त्यापुढे नाव नाही, नुसता गुणाकार. शंभर कोटी, हजार कोटी, लाख कोटी. आणि उद्या गरज पडली तर कोटी कोटी.

यात भाषेची अधोगती बघण्याचे कारण नाही असे मला वाटते. अठरा नावे पाठ असण्यापेक्षा एका पायावर गुणाकार रचणे सोयीचे असते. शिवाय ही नावे कधी एका जागी स्थिर नव्हतीच. परार्धाचेच बघा. यजुर्वेदात यज्ञवेदीच्या विटा गायी व्हाव्यात अशी प्रार्थना आहे आणि तिथे एकापासून परार्धापर्यंत दसपटीने चढत जाणारी तेरा नावे येतात. तिथला परार्ध एकावर बारा शून्यांचा. लीलावतीत तोच शब्द एकावर सतरा शून्यांवर गेला, म्हणजे एक लाख पटींनी मोठा झाला. मधल्या काळात कोणी ठराव करून ही बढती दिली नाही. मध्ये नवी नावे शिरली, शेवटचे नाव शेवटीच राहिले आणि त्याची किंमत वाढत गेली.

तिसरा परार्ध तर आपल्या घरातच असतो. सत्यनारायणाची पूजा असो वा वास्तुशांत, गुरुजी संकल्प सोडताना देशकाल उच्चारतात, तेव्हा ब्रह्मदेवाच्या दुसऱ्या परार्धाचा उल्लेख होतो. हा परार्ध म्हणजे ब्रह्मदेवाच्या शंभर वर्षांच्या आयुष्याचा निम्मा भाग. हिशेब करायचाच तर ब्रह्मदेवाचा दिवस ४३२ कोटी वर्षांचा, रात्रही तेवढीच. असे ३६० अहोरात्र म्हणजे त्याचे एक वर्ष. त्यावरून पन्नास वर्षे काढली तर १५५.५२ लाख कोटी मानवी वर्षे होतात. हा आकडा यजुर्वेदाच्या परार्धाशी जुळत नाही, लीलावतीच्या परार्धाशीही नाही. एकच शब्द, तीन किमती.

मराठी माणसाला या नावांचा आणखी एक धोका आहे, तो हिंदीतून येतो. हिंदीतले अरब आणि आपले अब्ज सारखेच, शंभर कोटी. पण हिंदीतला खरब म्हणजे शंभर अरब, आणि लीलावतीच्या क्रमातला खर्व म्हणजे दहा अब्ज. ऐकायला एक, किमतीत दसपटीचा फरक. हिंदी बातमीवरून घाईने मराठी बातमी करताना खरबचा खर्व केला की नऊ-दशांश रक्कम वाटेतच गडप होते. असा घोळ फक्त आपल्याकडेच आहे असे नाही. इंग्रजी बिलियन म्हणजे शंभर कोटी, पण जर्मन माणूस ‘बिलियन’ म्हणतो तेव्हा त्याला लाख कोटी म्हणायचे असतात. ब्रिटननेही सरकारी आकड्यांतला बिलियनचा जुना, मोठा अर्थ १९७४ मध्ये सोडला.

भास्कराचार्य अठरावर थांबले, पण सगळे तिथे थांबले नव्हते. नवव्या शतकातले जैन गणिती महावीराचार्य यांनी गणितसारसंग्रहात चोवीस स्थाने दिली आणि शेवटचे नाव ठेवले महाक्षोभ. ललितविस्तर या बौद्ध ग्रंथात तर लग्नाच्या पणात सिद्धार्थाची गणितात परीक्षा होते. अर्जुन नावाचा गणिती त्याला कोटीच्या पुढच्या संख्या विचारतो आणि सिद्धार्थ शंभरपटीच्या उड्या मारत तल्लक्षणापर्यंत जातो. तल्लक्षण म्हणजे एकावर त्रेपन्न शून्ये.

मला या सगळ्यांत जैन परंपरेची रीत जास्त वेधक वाटते, कारण तिने दहाचा किंवा शंभराचा नाद सोडला. तिचा गुणक आहे चौऱ्यांशी लक्ष. होय, जिवाच्या योनींचा जो आकडा आपण बोलण्यात सहज वापरतो तोच. चौऱ्यांशी लक्ष वर्षे म्हणजे एक पूर्वांग, चौऱ्यांशी लक्ष पूर्वांगे म्हणजे एक पूर्व, आणि असे पुन्हा पुन्हा गुणत गेले की शेवटी येते शीर्षप्रहेलिका. चौऱ्यांशी लक्षाचा अठ्ठाविसावा घात. ही संख्या लिहायला १९४ अंक लागतात : चोपन्न अंक आणि त्यापुढे एकशे चाळीस शून्ये. विसाव्या शतकात अमेरिकी गणिती एडवर्ड कॅस्नर यांच्या नऊ वर्षांच्या भाच्याने सुचवलेला ‘गूगोल’ जगभर गाजला. तो एकावर शंभर शून्यांचा. शीर्षप्रहेलिका त्याच्या किती पट आहे हे सांगायलाच चौऱ्याण्णव अंकी संख्या लागेल. एवढे करूनही या मंडळींनी शीर्षप्रहेलिकेला ‘संख्यात’ म्हणजे मोजता येण्याजोग्या गटातच ठेवले. त्यांच्या मते ‘असंख्यात’ त्यापलीकडे होते आणि ‘अनंत’ त्याच्याही पलीकडे. आपण लग्नाच्या आहेराला ‘असंख्य’ म्हणतो, ते त्यांना पटले नसते.

याच परंपरेत ‘कोडाकोडी’ असा शब्द आहे. कोटी गुणिले कोटी, एकावर चौदा शून्ये. मराठीत शब्दाची द्विरुक्ती झाली की ‘पुष्कळ’ एवढाच अर्थ होतो. कोटी कोटी प्रणाम करणारा माणूस चौदा शून्यांचा हिशेब देत नसतो. तिथे मात्र द्विरुक्ती म्हणजे खराखुरा गुणाकार, आणि तो कालगणनेत अचूक वापरलेला.

आता गुणाकाराच्या स्वतःच्या शब्दाकडे, ‘पट’कडे येऊ. दुप्पट, तिप्पट यांत प दुहेरी झाला. चौपटीत तो सुटा झाला. पाचपटीपासून पुढे संख्या घ्यायची आणि पट जोडायचे : दसपट, वीसपट, हजारपट. (हिंदी भाषकाशी बोलताना चौपट जरा जपून वापरावे. आपला धंदा चौपट झाला म्हणजे पेढे वाटायचे, त्याचा चौपट झाला म्हणजे सांत्वनाला जायचे.) संस्कृतात हेच काम ‘गुण’ करतो. गुण म्हणजे मुळात दोरीचा पीळ, धागा. दोन पिळांची ती द्विगुण. कार्यक्रमांच्या वृत्तांतात पाहुण्यांच्या उपस्थितीने आनंद ‘द्विगुणित’ होतो, तो याच दोरीने. तो त्रिगुणित झाल्याचे अजून वाचनात आलेले नाही.

पुराणांतल्या युगांची रचना म्हणजे या पटींचा स्वच्छ नमुना. कलियुग ४,३२,००० वर्षांचे, द्वापर त्याच्या दुप्पट, त्रेता तिप्पट, कृत चौपट. चारही मिळून दसपट, म्हणजे ४३,२०,००० वर्षे. त्याच्या हजारपट एक कल्प, तोच ब्रह्मदेवाचा दिवस. वर दिलेले ४३२ कोटी आले ते इथून.

पण मराठीची खरी श्रीमंती मोठ्या पटीत नाही, छोट्या पटीत आहे. सव्वापट, दीडपट, अडीचपट हे शब्द आपण विचार न करता वापरतो. जुन्या शाळांत पूर्णांकांच्या पाढ्यांबरोबर पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी पाठ करून घेत. औट म्हणजे साडेतीन. औट सत्ते किती, याचे उत्तर साडेचोवीस हे पोरांना झोपेतही यायचे. बाजारात, सावकारीत, धान्याच्या मापात याच पटी लागत, म्हणून त्यांना नावे मिळाली. परार्धाची पट कोणालाच रोज लागत नव्हती, म्हणून ती पोथीत राहिली. ज्याचा व्यवहार, त्याचा शब्द.

सावकारीचा विषय निघालाच आहे तर ‘दामदुप्पट’ सांगायलाच हवे. आज हा शब्द आमिषाच्या जाहिरातीत भेटतो : पैसे गुंतवा, अमुक महिन्यांत दामदुप्पट. मूळ दामदुप्पट नेमके उलट होते. ती कमाईची हमी नव्हती, सावकाराला घातलेली मर्यादा होती. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये, म्हणजे एकूण वसुली मुद्दलाच्या दुपटीवर थांबली पाहिजे. मनुस्मृतीत हा दंडक आहे, आणि धान्यासारख्या वस्तूंच्या कर्जासाठी तिथे मर्यादा पाचपट ठेवली आहे. मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी ब्रिटिश काळातही हिंदू ऋणकोंना या नियमाचे संरक्षण दिले. ऋणकोला वाचवणारा शब्द आता गुंतवणूकदाराला गळाला लावायला वापरतात. त्यावर एक साधी कसोटी आहे : ७२ ला वार्षिक व्याजदराने भागले की चक्रवाढीने रक्कम दुप्पट व्हायला लागणारी वर्षे अंदाजाने मिळतात. टपालातले किसान विकास पत्र एप्रिल २०२३ पासून साडेसात टक्क्यांनी ११५ महिन्यांत दुप्पट होते. ७२ भागिले साडेसात म्हणजे ९.६ वर्षे, आकडा जुळतो. वर्षभरात दुप्पट सांगणाऱ्याला या कसोटीवर किती टक्के व्याज द्यावे लागेल ते वाचकांनीच काढावे.

दुपटीवर दुप्पट चढत गेली की काय होते, याचे गणितही लीलावतीत आहे. एका दात्याने याचकाला पहिल्या दिवशी दोन कवड्या दिल्या आणि महिनाभर रोज आदल्या दिवसाच्या दुप्पट देण्याचे कबूल केले. तर महिन्यात त्याने किती निष्क दिले? तेव्हाचा नाण्यांचा हिशेब असा : वीस कवड्यांची काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म, सोळा द्रम्मांचा निष्क. दहाव्या दिवशी दाता १,०२४ कवड्या देतो, म्हणजे अजून एक द्रम्मसुद्धा नाही. तोवर त्याला आपण फार काही कबूल केले असे वाटतही नसेल. तिसाव्या दिवशी मात्र त्याला १०७ कोटी ३७ लाख ४१ हजार ८२४ कवड्या मोजाव्या लागतात. आधीच्या एकोणतीस दिवसांत मिळून दिल्या त्यापेक्षा दोन कवड्या जास्तच. सगळा मेळ घातला तर २१४ कोटी ७४ लाख ८३ हजार ६४६ कवड्या, म्हणजेच १,०४,८५७ निष्क, ९ द्रम्म, ९ पण, २ काकिणी आणि ६ कवड्या.

यातली गंमत उत्तरापेक्षा रीतीत आहे. दोनाला तीस वेळा गुणत बसायचे नाही. ३० सम आहे, म्हणून ‘वर्ग’ असे लिहायचे आणि निम्मे करायचे. १५ विषम, म्हणून ‘गुण’ लिहायचे आणि एक वजा करायचा. १४ ला वर्ग, ७ ला गुण, ६ ला वर्ग, ३ ला गुण, २ ला वर्ग, १ ला गुण. मग यादी खालून वर वाचत जायचे : २, ४, ८, ६४, १२८, १६,३८४, ३२,७६८ आणि एकदम १०७ कोटी. तीस पायऱ्यांचे काम आठ पायऱ्यांत झाले. ही युक्ती भास्कराचार्यांच्याही फार आधीची. तिचे मूळ पिंगलाच्या छंदःसूत्रात, म्हणजे वृत्तांच्या लघुगुरूंच्या मोजणीत आहे. आजचे संगणक मोठे घात काढताना याच जातीची रीत वापरतात.

बुद्धिबळाच्या पटावर प्रत्येक घरात दुप्पट दाणे मांडण्याची गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणून तिचा एवढाच उपयोग करतो : अठ्ठावन्नाव्या घरात लीलावतीचा परार्ध ओलांडला जातो. पट भरतो तेव्हा एकूण दाणे १८४ परार्धांहून थोडे जास्त असतात. भास्कराचार्यांकडे त्यापुढे नाव नव्हते. आणि दुप्पट हा तसा मवाळ गुणक. गुणक स्वतःच वाढत गेला तर परार्ध आणखी लवकर मागे पडतो. वीस माणसांना एका रांगेत किती प्रकारे उभे करता येईल? १ पासून २० पर्यंतच्या सर्व संख्यांचा गुणाकार, ज्याला पाठ्यपुस्तकात क्रमगुणित म्हणतात. उत्तर चोवीस परार्धांच्या वर जाते. एसटीच्या थांब्यावर याहून जास्त माणसे असतात.

रोजच्या लिहिण्यात ‘पट’ नीट वापरायची तर दोन-तीन ठिकाणी सावध राहावे लागते. कांदा २० रुपयांवरून ८० वर गेला, तर तो चौपट झाला. वाढ झाली ३०० टक्के. वाढ चारशे टक्के नव्हे, कारण मूळचे वीस वाढीत धरायचे नसतात. ‘चार पटींनी वाढला’ असे लिहिले की काही वाचक ८० समजतात आणि काही १००. म्हणून ‘चौपट झाला’ हेच बरे, तिथे वादाला जागा नाही. दुसरी खोड ‘दसपट कमी’ लिहिण्याची. एका पटीने कमी झाले की शून्य उरते, मग दहा पटींनी कमी होणार कसे? लिहिणाऱ्याला ‘एकदशांश’ म्हणायचे असते आणि तो शब्द मराठीत तयार आहे.

जिथे आकडा बेरजेचा वेष घालून येतो आणि आत गुणाकार असतो, तिथे ‘पट’ न सांगणे मात्र वाचकावर अन्याय आहे. भूकंपाची तीव्रता हे त्याचे ठळक उदाहरण. ३० सप्टेंबर १९९३ चा किल्लारीचा भूकंप सुमारे ६.२ चा, २६ जानेवारी २००१ चा भूजचा सुमारे ७.७ चा. फरक दिसतो दीडाचा. या मापात एक अंक वाढला की जमिनीच्या हेलकाव्याचा मोजलेला विस्तार दसपट होतो आणि बाहेर पडणारी ऊर्जा जवळजवळ बत्तीसपट. दीड अंकासाठी हिशेब केला तर भूजला मोकळी झालेली ऊर्जा किल्लारीच्या सुमारे पावणेदोनशे पट भरते. किल्लारीत घरे पडायला आणि हजारो माणसे दगावायला तेवढ्या ऊर्जेची गरज लागली नाही. पहाटे चारच्या सुमारास जाड दगडमातीच्या भिंतींखाली झोपलेल्या माणसांना ६.२ पुरेसे होते. नुकसान कशाच्या पटीत वाढते हे भूकंपमापक सांगत नाही, त्यासाठी भिंती बघाव्या लागतात.